खिशात राहिलेली वेळ

“एकच सेकंद, पोरी. एका सेकंदानं हुकलं बघ.”

मित्रांनो, हा आवाज ऐकून आता किती वर्षं लोटली! मला कान नाहीत, पण तो आवाज माझ्या पोटातल्या चाकांत कुठेतरी जाऊन बसला आहे. बुटात शिरलेला खडा जसा पावलागणिक टोचतो, तसा तो मला टिकटिकीगणिक टोचतो.

मी एक जुनं स्टॉपवॉच आहे. भिंतीवरच्या घड्याळासारखं मला दिवसभर राबावं लागत नाही. मला सकाळ-संध्याकाळ कळत नाही, तारीख-वार तर माणसांच्या तोंडून समजेल तेवढेच. मला कळतं ते एवढंच, की कुणी कुठून निघालं आणि कुठे पोचलं याच्या मधे किती काळ गेला. माझ्या माथ्यावर एक बटण आहे. ते एकदा दाबलं की मी धावू लागतो. दुसऱ्यांदा दाबलं की थांबतो. तिसऱ्यांदा दाबलं की काटे पुन्हा शून्यावर येतात आणि आधीचं सगळं पुसलं जातं. हे तिसरं दाबणं लक्षात ठेवा. माझी सगळी कहाणी त्यापाशी येऊन थांबते.

माझा जन्म कुठल्या मुलखात झाला ते मला सांगता येत नाही. आठवते ती एक बाई. तिने श्वास रोखून माझा लांब काटा बसवला, मला एकदा कानाशी धरलं आणि माझी टिकटिक ऐकून हसली. माझ्यामुळे कुणी हसलेलं मी प्रथम पाहिलं ते तेव्हा. पुढे पेटीत बसून, समुद्र ओलांडून मी कोल्हापुरातल्या एका शाळेत आलो आणि तिथल्या खेळाच्या सरांच्या गळ्यात पडलो. खरंच गळ्यात! बुटाच्या काळ्या नाडीने त्यांनी मला गळ्यात बांधलं.

त्यांचं नाव हंबीरराव. तरुणपणी ते कुस्त्या खेळलेले. कान मुडपलेले, मान बैलासारखी आणि आवाज असा, की मैदानाच्या या टोकाला ‘ए’ म्हटलं की त्या टोकाची पोरं चड्ड्या सावरून उभी राहत. पण माझी काच पुसताना त्यांचा अंगठा पिसासारखा हलका होई. ते रोज पहाटे मला चावी द्यायचे आणि माझ्याशी बोलायचे. घरात दुसरं कुणी नव्हतंच. शाळेत बॅटरीवरची नवी घड्याळं आली आणि मला भंगारात काढलं, तेव्हा सर हेडमास्तरांना म्हणाले, “ह्याला मी घरी नेतो. दोघं बी जुनंच हाय आमी.”

सरांची एक रीत होती. कुणी धावून आलं की ते पाठ फिरवत, मला तळहातात झाकून बघत आणि खऱ्या वेळेत दोन सेकंद मिसळून सांगत. बत्तीस असतील तर चौतीस, पन्नास असतील तर बावन्न. पोरांना ते कधीच कळलं नाही.

याला कारण होता गुंडू नावाचा एक मुलगा. एकदा तो फार सुरेख धावला. सरांनी भर मैदानात त्याची पाठ थोपटून खरी वेळ सांगितली. गुंडू दुसऱ्या दिवसापासून कॉलर ताठ करून रंकाळ्यावर फिरू लागला. शर्यतीच्या सकाळी दोन प्लेट मिसळ हाणून आला आणि सांगलीच्या पोरांच्या मागे, सर्वांत शेवटी, पोट धरून पोचला. सर मला म्हणाले, “माझ्या वस्तादानं मला जल्मात कधी शाबास म्हटलं न्हाई, म्हणून मी मातीत टिकलो. आता मी बी म्हणणार न्हाई.” तेव्हापासून ते दोन सेकंद आमच्या घरी राहायला आले.

मला ते आवडत नव्हतं. पण माझं काम दाखवण्याचं, सांगण्याचं नव्हे.

एक्क्याण्णव साली दीक्षा आमच्याकडे आली. उचगावची मुलगी. वडील अण्णासो एका फाउंड्रीत भट्टीवर कामाला, आई मीनाबाई चार घरची धुणी करायची. दीक्षा कॉलेजात पहिल्या वर्षाला होती. कळंब्याच्या तलावाशेजारी सरांनी मुरुमाची जागा साफ करून, चुन्याची पांढरी फक्की टाकून चारशे मीटरची वाट आखली होती. दीक्षा पहाटे उचगावहून सायकल मारत तिथे यायची आणि मागे कॅरिअरवर बसून तिची आई. पोरीला एकटीला कसं सोडायचं, म्हणून.

“मावशी, तुमी बी पळा की दोन फेऱ्या,” सर म्हणायचे.

“मी आन् काय पळू, सर? सायकलवर बसूनच दम लागलाय मला,” म्हणत मीनाबाई तलावाच्या बांधावर पदर खोचून बसायची आणि गुणगुणायची. तिच्या आईचं जातं गेलं होतं, घर बदललं होतं, पण ओव्या तशाच राहिल्या होत्या. त्यात ती आपल्या पदरच्याही घालायची.

कळंब्याच्या बांधावरी, उठे पाखरांचा थवा
लेक माझी धावताना, तिच्या संगं धावे हवा

दीक्षाची शर्यत आठशे मीटरची. म्हणजे मैदानाच्या दोन फेऱ्या. बाकीची पोरं पावलं मोजत, काही जण श्वास मोजत. दीक्षा ओव्या मोजायची. “सर, एका फेरीत आईच्या इतक्या ओव्या बसल्या पाहिजेत. एक जरी उरली तरी मी हळू पळाले,” ती म्हणायची. सर हसून मान हलवायचे, “तू पळतीयास का दळतीयास गं?” पण मला ठाऊक होतं. तिचं पाऊल आणि माझा काटा यांच्यात मी कधीही इतका मेळ पाहिला नव्हता. ती धावताना मला वाटायचं, मी तिची वेळ मोजत नाही, तीच मला चालवते आहे.

तीन वर्षं गेली. चौऱ्याण्णव सालच्या जूनमध्ये पुण्याला निवड चाचणी ठरली. त्यात निवडलेल्या मुलींना मोठ्या शिबिरात धाडणार होते. पण अट अशी, की जी मुलगी आठशे मीटर दोन मिनिटं चौदा सेकंदांच्या आत धावते, तिचाच फॉर्म प्रशिक्षकाने सही करून आणायचा. चाचणी रविवारी होती.

अण्णासोंचीही एक अट होती. ते दारात उभे राहून सरांना म्हणाले होते, “सर, मी सातवीत शाळा सोडून भट्टीवर गेलो. आमच्या घरात शिकायचं सोडून दुसरं काय करायचं न्हाई, हे पक्कं हाय. तरी पोरीचा जीव हाय म्हणून पळू दिलं. ह्या बारीला निवड झाली तर खुशाल पळू दे. न्हाई झाली तर एम.ए.ला जाईल. मधी लोंबकळायचं न्हाई.”

दीक्षा म्हणाली होती, “कबूल.”

चाचणीच्या आधीचा तो सोमवार मला लखलखीत आठवतो. तलावावर वारा नव्हता. मीनाबाई बांधावर बसली होती, पण त्या दिवशी ती गात नव्हती, ओठ मिटून बघत होती. सरांनी बटण दाबलं. पहिल्या फेरीला दीक्षा माझ्यासमोरून गेली तेव्हा तिच्या ओठांवर ओवी होती, आवाज नव्हता. दुसऱ्या फेरीच्या वळणावर तिचा चेहरा पिळवटला. मग शेवटच्या शंभर मीटरला काय झालं कोण जाणे, तिने चेहराच सोडून दिला. सगळं बळ पायात आलं. ती रेघेवरून गेली. सरांनी बटण दाबलं आणि रिवाजाप्रमाणे पाठ फिरवली.

दोन मिनिटं, तेरा सेकंद.

सरांनी अंगठ्याने काच पुसून पुन्हा बघितलं. मला वाटलं, आज तरी शाबास म्हणतील. आज तरी त्या दोन सेकंदांना घरी ठेवतील. मागे दीक्षा मुरुमावर आडवी होऊन धापा टाकत होती. “सर... किती?”

सर वळले. “दोन पंधरा,” ते म्हणाले. “एकच सेकंद, पोरी. एका सेकंदानं हुकलं बघ.”

ती उठून बसली. बुटांच्या नाड्या सोडू लागली. मीनाबाई बांधावरून उठली आणि लेकीच्या पाठीवरचा मुरूम पदराने झाडू लागली.

घरी येताना सर खुशीत होते. माझ्याशी बडबडत होते. “गुरवारी पुन्यांदा पळवतो तिला. रागानं दोन बारा काढंल बघ! फारम खिशातच हाय, खरी वेळ लिहून आजच भरून ठिवतो. शनवारी ष्टँडावर हातात देतो. कशी उडी मारंल पोरगी!” त्यांनी मला तिसऱ्यांदा दाबलं नाही. दोन तेरावर थांबलेला तसाच खिशात ठेवला. शनिवारी तिला दाखवायचा म्हणून.

मित्रांनो, त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं. ते फक्त आनंद साठवून ठेवत होते.

दुपारी आजऱ्याहून निरोप आला. सरांची थोरली बहीण, जिला ते आक्का म्हणत, ती गेली. सर होते त्या कपड्यांवर एस.टी.त बसले. मी खिशातच होतो. मर्तिक झालं, रक्षा सावडली, भाचे लहान, घर उघडं पडलेलं. निघायला शनिवार उजाडला. दीक्षाच्या गल्लीत तेव्हा एकच टेलिफोन होता आणि त्याचा नंबर सरांना माहीत नव्हता. त्या पाच दिवसांत त्यांनी कितीदा खिशात हात घालून मला चाचपलं, ते मी मोजू शकलो नाही. मी थांबलेला होतो.

शनिवारी संध्याकाळी ते स्टँडवरून घरी न जाता थेट उचगावला गेले. डोकं भादरलेलं, दाढी वाढलेली. एका खिशात मी, दुसऱ्या खिशात तो फॉर्म. पुण्याची गाडी सुटायला अजून चार तास होते.

“या सर, या. आक्कांचं कळलं हो,” अण्णासो पुढे झाले. “बसा. अगं, चा टाक.”

“दीक्षा कुठाय?” सरांनी विचारलं.

ती आतून आली. डोळे सुजलेले होते, पण चेहरा शांत होता. पावसाळ्याआधी विहिरीचा तळ दिसतो ना, तसा.

“सर, मंगळवारी शेवटची तारीख होती. एम.ए.चा फॉर्म भरला,” ती म्हणाली. “मराठी घेतलंय. स्पाइक शूज शेजारच्या चिमणाबाईच्या नातीला दिले. घरात असले की बघवत नव्हतं.”

सरांचा हात खिशात गेला. त्यांच्या बोटांनी मला घट्ट धरलं. आता काढतील, मला वाटलं. आता!

तेवढ्यात ती खाली वाकली आणि त्यांच्या पाया पडली. “एक बरं केलंत सर. तुम्ही खरं सांगितलंत. दुसऱ्या कुणी एक सेकंद खाऊन खोटा फॉर्म भरला असता, आणि मी पुण्यात सगळ्यांपुढं तोंडावर पडले असते. तुम्ही खोटं बोलत नाही, एवढं एक माझ्याजवळ राहिलं.”

“व्हय सर,” अण्णासो म्हणाले, “पोरीला खरं सांगितलासा, लई उपकार झालं.”

मीनाबाईने चहा आणून ठेवला. सर बशीकडे बघत राहिले. चहावर साय धरली. मग खिशाच्या अंधारात त्यांचा अंगठा माझ्या माथ्यावर आला आणि त्यांनी बटण दाबलं.

तिसऱ्यांदा.

काटे शून्यावर आले.

“येतो,” सर म्हणाले. “शीक पोरी. चांगली शीक.”

गाडीला अजून साडेतीन तास होते.

त्यानंतर माझं काम संपल्यासारखंच झालं. सरांनी फक्कीची वाट पुन्हा आखली नाही. दोन वर्षांत ते निवृत्त झाले. कळंब्याच्या त्या मैदानावर आधी गवत आलं, मग खांब आले, मग घरं आली. मी पत्र्याच्या डब्यात, जुन्या बिल्ल्यांशेजारी पडून राहिलो. सर मला चावी द्यायचे मात्र चुकले नाहीत. चावी द्यायची, पण बटण दाबायचं नाही. आत सगळी ताकद भरलेली आणि धावायची मुभा नाही, याचं दुःख काय असतं ते मला विचारा. आणि दीक्षाला विचारा.

ती दरवर्षी आषाढी पौर्णिमेला यायची. सर त्या दिवसाला गुरुपौर्णिमा म्हणत, दीक्षाच्या घरी त्या दिवशी बौद्धांचा पावसाळी वर्षावास सुरू व्हायचा. दोन्ही मिळून मीनाबाईच्या हातची खीर डब्यातून आमच्याकडे यायची. अशाच एका पौर्णिमेला कळलं की ती एम.ए.ला पहिली आली. एकदा कळलं, कॉलेजात प्राध्यापक झाली. अण्णासो भट्टीवरून थेट तिचं कॉलेज बघायला गेले आणि हाताला काळं होतं म्हणून दाराला न शिवता बाहेरूनच बघून आले. मग तिने बायकांच्या ओव्यांच्या लयीवर संशोधन सुरू केलं. गावोगाव फिरून म्हाताऱ्यांना गायला लावायची आणि बोटांवर मात्रा मोजायची. डॉक्टर झाली. सगळं चांगलंच झालं की, तुम्ही म्हणाल. हो, मीही तसंच म्हणायचो.

पण ती पुन्हा धावली नाही. सुटलेल्या एस.टी.मागेसुद्धा नाही. पुढच्या गाडीची वाट बघत उभी राहायची.

एका वर्षी खीर वाढता वाढता ती म्हणाली, “सर, पेपर तपासताना एका मार्काने नापास होणारं मूल समोर आलं की माझं पेन तिथंच अडतं.”

“मग देत जा की एक मार्क,” सर चटकन म्हणाले.

“नाही देत.” ती हसली. “तुम्ही कुठं दिलात मला एक सेकंद?”

सरांच्या हातातला चमचा वाटीत वाजला. ती पुढे सांगत होती, गडहिंग्लजकडची दानेश्वरी नावाची एक मुलगी, हुशार, पण गांगरली, तोंडी परीक्षेत एका गुणाने नापास झाली. नंतर कॉलेजला आलीच नाही. “वाईट वाटलं. पण खरं ते खरं ना सर?”

त्या रात्री सर जेवले नाहीत. डबा उघडून मला मांडीवर घेऊन बसले. “एक खोटं कुठवर पोचलं रे,” ते म्हणाले.

तरी पुढची दोन वर्षं ते बोलले नाहीत. पौर्णिमा आली की सकाळपासून घसा खाकरायचे. ती आली की म्हणायचे, “पाऊस कसा हाय उचगावात?”

दोन हजार आठ सालची पौर्णिमा. सर सत्तरीच्या पुढे गेलेले, गुडघे धरलेले, खाटेवरच असायचे. दीक्षा आली ती हातात एक नवंकोरं पुस्तक घेऊन. तिच्या संशोधनाचं पुस्तक. तिच्याही केसांत एखादी चंदेरी रेघ आली होती.

“चष्मा कुठाय सर? थांबा, मीच वाचते. शेवटी आईची ओवी घातलीये. मी पळायचं सोडलं त्या वर्षी ती चुलीपुढं म्हणायची.”

थांबलेल्या पावलाला, कुणी पुसेना गं वाट
लेकीच्या गं उशाखाली, दोन फेऱ्यांची पहाट

सरांनी डोळे मिटले.

“आणि हे पहिलं पान. अर्पणपत्रिका,” ती म्हणाली. मग जरा लाजून, वर्गात वाचावं तसं स्पष्ट वाचलं, “माझी खरी वेळ मला सांगणाऱ्या हंबीरराव सरांना.”

मग सर म्हणाले, “दीक्षा, फळीवरचा पत्र्याचा डबा काढ.”

तिने डबा काढला. झाकण उघडलं आणि मला बघून लहान मुलीसारखी ओरडली, “अगोबाई, हे अजून आहे?” तिने मला तळहातावर घेतलं. चौदा वर्षांत पहिल्यांदा. माझ्या काचेला कोपऱ्यात तडा गेला होता, त्यावरून तिने बोट फिरवलं.

“दे इकडं,” सर म्हणाले. त्यांनी चष्मा लावला, मला चावी दिली आणि बटण दाबलं.

मी धावू लागलो. मित्रांनो, मी धावू लागलो!

“कुणाची वेळ घेताय सर?” ती हसली.

“बघ तू. बोलू नगं.”

आधी ती माझ्याकडे गमतीने बघत होती. अर्ध्या मिनिटाने तिचं हसू विरलं. पाऊण मिनिटाने तिच्या पायाचा अंगठा फरशीवर ठेका धरू लागला. तिला ते कळलंही नाही. तिच्या ओठांवर ओवी आली, आवाज नव्हता. एक फेरी झाली. दुसरी लागली. तिचा श्वास वाढत होता आणि ती तर जागची हललीही नव्हती.

मित्रांनो, काटा शेवटच्या वळणावर आहे, तेवढ्यात तुम्हाला एक मागतो. माझ्यासारखी जुनी वस्तू तुमच्या घरी असेल तर तिला पुसा, चावी द्या, डब्यात कोंडू नका. पण त्याहून एक मोठी निगा असते. कुणी जीव तोडून तुमच्यापर्यंत धावत आलं, तर त्याची खरी वेळ त्याला त्याच क्षणी सांगा. ती शनिवारसाठी खिशात ठेवू नका. शनिवार कुणाच्या हातात असतो?

सरांनी बटण दाबलं. मी थांबलो.

“किती झालं? वाच,” ते म्हणाले.

दीक्षा वाकली. “दोन मिनिटं... तेरा सेकंद.” तिने वर बघितलं. “सर, कुणाची आहे ही वेळ?”

सरांचा अंगठा अजून माझ्या माथ्यावर होता. मला वाटलं, आता तिसऱ्यांदा दाबणार. पण त्यांनी तो हळूच उचलला, बाजूला घेतला आणि मला तिच्या ओंजळीत ठेवलं.

“तुझी,” ते म्हणाले. “चौऱ्याण्णव सालची. त्या सोमवारची. तू दोन तेरा पळालतीस, दीक्षा. पंधरा मी म्हणालतो.”